गेंदालालची जोडी

माने हवालदाराचा मुलगा भडभुंज्याच्या दुकानात दिवसदिवस बसलेला असतो, अशी तक्रार आमच्या घरी आली तेव्हा मी सतरा वर्षांचा होतो आणि तक्रार अगदी खरी होती. ग्वाल्हेरात, लश्कर नावाच्या भागातल्या नई सडकवर, कापडवाल्यांच्या ओळीत एक अरुंद, धुरानं काळवंडलेलं दुकान होतं. पुढे भट्टी, भट्टीवर लोखंडी कढई, कढईत तापलेली वाळू आणि त्या वाळूत तडतडणारे चणे, मका, ज्वारी. कढईच्या मागे गेंदालाल. माझ्याहून दोन वर्षांनी मोठा, हडकुळा, भुवया कायम भाजलेल्या. भाजलेले चणे चाळणीत घेतले की तो चाळणी नुसती हलवत नसे. तीन झटके लांब, दोन आखूड, मग जरा थांबणं, पुन्हा तीन लांब. त्या ठेक्यावर तो गिऱ्हाइकाशी बोलायचा, आणि बोलायचा ते यमकात. गोरखीच्या शाळेतून परत येताना मी तिथं पहिल्यांदा थबकलो त्या दिवशी एक म्हातारे मुन्शी पुढ्यात उभे होते आणि गेंदालाल त्यांना सांगत होता :

‘आओ मुंसीजी, बैठो मुंसीजी, चने बड़े करारे,
दाँत बचे हैं चार तुम्हारे, मुरमुरे लो हमारे।’

मुन्शी बिचारे ओशाळले. मला काय झालं कोण जाणे, चाळणीचा ठेका चालूच होता, त्यात मी माझ्या मराठीत बोलून गेलो :

‘मुन्शी म्हणतो, दात नसू दे, जीभ आहे शाबूत,
चणे राहू दे, आधी ठेव तू तुझी जीभ काबूत.’

चाळणी थांबली. गेंदालालनं माझ्याकडं पाहिलं. मराठी त्याला कानावरून गेलेली होती तेवढीच, लश्करातल्या बाजारात बसणाऱ्या कुणालाही असते तशी. पण यमक कळायला भाषा लागत नाही. तो म्हणाला, “फिर से कहो, भैया.” मी पुन्हा म्हटलं. मग त्यानं मुन्शींना मूठभर मुरमुरे फुकट दिले आणि मला आत भट्टीशेजारच्या पोत्यावर बसायला जागा करून दिली. त्या पोत्यावरून मी पुढची आठ वर्षं उठलो नाही असंच म्हणायला हवं.

आमचं घर छावणीत. पणजोबांचे पणजोबा दख्खनेतून घोड्यावर आले आणि इथलेच झाले, एवढंच आम्हाला आमच्या मुळाबद्दल ठाऊक. घरात मराठी, उंबऱ्याबाहेर हिंदी, आणि उंबऱ्यावर उभं राहून बोलायचं असेल तर दोन्ही. साताऱ्याकडचे पाहुणे आले की आमच्या तोंडचं ‘मी येऊन राहिलो आहे’ ऐकून पोट धरून हसत. आई त्यांना बाजरीची भाकरी, लसणीची चटणी आणि हिंग-मेथीची फोडणी दिलेली कढी वाढायची, म्हणजे तोंड बंद होई. सकाळी बाजारातून बेढई, म्हणजे डाळीचं सारण भरलेली पुरी, यायची, तिच्यासोबतची बटाट्याची भाजी मात्र आई घरी करायची, गोडा मसाला घालून. अशी बेढई मी पुढं कुठंही खाल्ली नाही. गेंदालाल आमच्या घरी येऊ लागला तो या भाजीमुळे. आई त्याच्याशी मराठीतच बोलायची, त्याला कळतंय की नाही याची तिला फिकीर नव्हती. “अरे गेंदा, तू पण बसून घे ना. भूक लागली असेल तुला.” आणि तो बसायचा. “काकी, जे भाजी तो गजब है” एवढं बोलून पुढं मान खाली घालून जेवायचा. त्याची आई लहानपणीच गेली होती. चणे भाजणाऱ्या घरात चूल वेगळी पेटवायला कुणाला वेळ नसतो, असं तो सांगायचा.

माझे वडील, आम्ही त्यांना आबा म्हणायचो, संस्थानाच्या पलटणीत हवालदार होते. सकाळी बिगुल वाजायच्या आधी उठणं, पट्ट्याचं पितळ चिंचेनं घासणं, मिशीला हात फिरवून घराबाहेर पडणं, हे मी जन्मल्यापासून पाहिलेलं. मग संस्थान गेलं. मध्यभारत नावाचं नवं राज्य झालं, कचेऱ्यांवरच्या पाट्या बदलल्या, आणि संस्थानाच्या फौजेतले कोण नव्या फौजेत जाणार आणि कोण घरी, हे ठरवायला बाहेरून अधिकारी आले. आबांचं वय जास्त भरलं आणि डावा डोळा कमी पडला. ते एका दुपारी घरी आले, कागद देव्हाऱ्याच्या फळीवर ठेवला आणि पाणी मागितलं. त्याबद्दल घरात पुढं एक शब्द झाला नाही. पण दुसऱ्या दिवशीही ते बिगुलाच्या वेळेला उठले, पितळ घासलं, आणि सदऱ्यावरून पट्टा बांधून अंगणात गुडघे जुळवून खुर्चीवर बसले. रोज असंच. आई एखादं काम सांगायची, “अहो, जरा कोथिंबीर घेऊन येता का,” की ते उठताना सवयीनं टाच टाचेला लागायची. तो आवाज मला सहन होत नसे. तेव्हा मला वाटायचं, मला त्यांचा राग येतो. आता त्यांच्याहून मोठं वय झाल्यावर कळतं की तो राग नव्हता, पण दुसरं काय होतं याला मला अजून नाव सापडलेलं नाही.

आता त्या काळच्या आमच्या उद्योगाबद्दल सांगायला हवं. ग्वाल्हेरात तेव्हा ख्यालबाजी जोरात होती. हा गवयांचा ख्याल नव्हे. चंग नावाचं वाद्य असतं, परातीएवढ्या लाकडी कड्यावर ताणून बसवलेलं कातडं, डफाचंच मोठं भावंड. ते वाजवत दोन पक्ष समोरासमोर बसून यमकात सवाल-जवाब करत. त्यांचे अखाडे होते, उस्ताद होते, गंडा बांधून शिष्य होत. आमच्या बाजूच्या अखाड्याचे उस्ताद मिसरजी म्हणून एक वृद्ध गृहस्थ होते. त्यांचा आवाज गेला होता, पण शब्द कुठं घसरला हे त्यांना भिंतीपलीकडून कळायचं. आम्ही दोघं त्यांच्याकडं गेलो. त्यांनी आमचं ऐकलं आणि म्हणाले, “तुम लोग गाते नहीं हो, बकते हो.” खरंच होतं. आम्ही गात नव्हतो. गेंदालाल चंगावर त्याच्या चाळणीचा ठेका धरायचा आणि आम्ही त्यावर झरझर बोलत जायचो, एक ओळ माझी मराठीत, एक त्याची हिंदीत, एकाचं यमक दुसऱ्यानं उचलायचं, कुणीही दम घ्यायला थांबायचं नाही. मिसरजींनी गंडा बांधला नाही. पण जाताना म्हणाले, “आते रहना. बकते अच्छा हो.”

माझा नातू मध्यंतरी फोनवर मला दोन तरुण दाखवत होता, पाठीमागे ठेका, आणि दोघं आळीपाळीनं यमकांचा मारा करतायत. “आजोबा, याला हिप-हॉप म्हणतात,” असं त्यानं मला समजावून सांगितलं. मी शांतपणे ऐकून घेतलं. डावीकडचा जरा घाईत होता. मी म्हटलं, याला कुणीतरी चणे चाळायला बसवा.

आम्हाला लोक ‘दुजबानी जोडी’, म्हणजे दोन भाषांची, म्हणू लागले, आणि आमचं नाव झालं ते फायलींवरच्या बोलांनी. नव्या राज्याचा कारभार थंडीत लश्करातून चालायचा आणि उन्हाळ्यात इंदुरातून. दरवर्षी कचेऱ्यांचे गठ्ठे बांधून जायचे आणि यायचे, त्यांच्यामागून बाबू लोक बायका-मुलांसह ट्रंका घेऊन. प्रत्येक घरात कुणी ना कुणी या येरझारांत सापडलेलं. गणपतीत एका दुपारी आम्ही हे म्हटलं :

‘उन्हाळ्यात इंदूर, थंडीत लश्कर,
फाइल म्हणे बाबूला, मला येते चक्कर.’

आणि गेंदालाल :

‘बाबू बैठे ताँगे में, फाइल बैठी रेल,
दोनों मिलके ढूँढ रहे हैं, किसके हाथ नकेल।’

दोन दिवसांत हे सगळ्या लश्करात पसरलं. तांगेवाले सवारी बसवताना म्हणायचे. एका कचेरीतल्या मोठ्या साहेबांनी आम्हाला मुद्दाम बोलावून ऐकलं आणि हसता हसता चष्मा पुसला. मी लिहायचो आणि गेंदालालला अक्षर येत नव्हतं, म्हणून लोकांना वाटायचं की डोकं माझं आणि गळा त्याचा. ते खोटं होतं आणि मी ते कधी खोडून काढलं नाही, ही कबुली इथं देऊन टाकतो. मी एका कडव्यासाठी दोन दिवस कागद खरडायचो. तो कढईतली वाळू हलवता हलवता चार ओळी बोलायचा, त्यातल्या तीन माझ्या सगळ्या कागदांपेक्षा सरस असायच्या, आणि चौथी तो स्वतःच थुंकून टाकायचा : “जे नईं. जे सड़ा चना है.”

त्याच वर्षी थंडीत मेळ्याच्या मैदानात सामना ठरला. समोर जवळच्या दतिया गावची नावाजलेली जोडी, परीक्षक मिसरजी. अट जुन्या रिवाजाची : हरेल त्यानं आपला चंग जिंकणाऱ्याच्या हवाली करायचा. आमचा चंग गेंदालालच्या काकाचा होता. त्या काकानंच त्याला वाढवलं होतं आणि मरताना हातात देण्यासारखं तेवढंच काकाकडं होतं. मी म्हटलं, “गेंदा, हे जोखमीचं आहे.” तो म्हणाला, “बजाने की चीज है भैया, पूजा की थोड़ी है.” पण त्या आठवड्यात त्यानं कातड्याला दोनदा तेल लावलं.

माझ्याजवळ या सामन्यासाठी एक हुकमी माल होता. निकालात निघालेल्या शिपायांवर मी एक बोल रचला होता. गावात असे शेकडो होते, रिकामे, ताठ, मिशा पिळून चहाच्या दुकानांवर बसलेले, आणि लोक त्यांच्या पाठीमागं हसायचे. मला माहीत होतं की या बोलावर मैदान लोळेल. गेंदालालला ऐकवलं तेव्हा तो हसला नाही. त्याला अर्थ नीट कळला नसेल असं मी धरून चाललो.

दुपारचं ऊन होतं, थंडीतलं, हवंहवंसं. मैदानात एकीकडं घोड्यांचा बाजार, दुसरीकडं तीळगुळाची गजक विकणाऱ्यांची दुकानं, कुटल्या जाणाऱ्या तिळाचा वास सगळीकडं. आमच्याभोवती पाच-सहाशे माणसं बसली असतील. दतियावाले फार चांगले होते, हे सांगायलाच हवं. त्यांचा थोरला गायचा तेव्हा चंग त्याच्या छातीतून वाजतोय असं वाटे. पहिल्या फेऱ्या बरोबरीत गेल्या. शेवटच्या फेरीला त्यांनी विषय टाकला, ‘सिपाही.’ माझं नशीबच म्हणायचं. मी गेंदालालकडं पाहून मान हलवली, त्यानं ठेका धरला, आणि मी उभा राहून सुरुवात केली :

‘पलटण गेली, पट्टा उरला—’

आणि मला आबा दिसले. दुसऱ्या रांगेत, सदऱ्यावर पट्टा बांधलेले, त्यांच्या दोन्ही बाजूंना पलटणीतले चार-पाच जण. ते असल्या ठिकाणी कधी येत नसत. मला मागाहून समजलं की त्यांच्या सोबत्यांनीच त्यांना आणलं होतं, तुमचा मुलगा आज मोठ्या सामन्यात आहे म्हणून. माझ्या पहिल्या ओळीवर त्या सगळ्यांनी पाठी सरळ केल्या. त्यांना वाटलं, आपल्यावर काहीतरी चांगलं म्हणणार.

माझ्या तोंडातून पुढचा शब्द फुटेना. ठेक्याचं एक आवर्तन गेलं, दुसरं गेलं. नियम असा की धरलेली ओळ ज्यानं धरली त्यानंच पुरी करायची. साथीदारानं तोंड घातलं तर फेरी गेली. दतियावाल्यांचा धाकटा बोटांवर आवर्तनं मोजू लागला. मी पाठ झालेलं सगळं समोर पाहत होतो, शब्द न् शब्द, आणि ओठ हलत नव्हते. तेव्हा गेंदालालनं चंगावर एक मोठी थाप मारली आणि तो बोलला. मराठीत. आमच्या स्वयंपाकघरात भाकरी खाताना कानावर पडलेल्या त्याच्या त्या मोडक्या मराठीत, जी तो लोकांसमोर कधी तोंडातून काढत नसे :

‘पलटण गेली, पट्टा उरला, पट्टा अजून ताठ,
मोडला नाही, वाकला नाही, हवलदाराचा पाठ।’

पाठ ती असते, तो नव्हे. एरवी आमच्या लोकांनी अशा चुकीवर हसून घेतलं असतं. कुणी हसलं नाही. आबांच्या शेजारचा एक जण, ज्याला आम्ही दगड म्हणायचो, तो डोक्यावरचा फेटा काढून तोंड पुसू लागला. मिसरजींनी हात वर केला आणि निकाल सांगितला : ओळ एकाची, पुरी दुसऱ्यानं केली, ग्वाल्हेरची जोडी हरली. त्यांचा आवाज नेहमीपेक्षाही बारीक होता. गेंदालालनं चंग दोन्ही हातांनी उचलला, कपाळाला लावला आणि दतियावाल्या थोरल्याच्या हातात दिला. म्हणाला, “बाएँ तरफ से थोड़ा ढीला है, धूप दिखा के बजाइयो.” मग वळून मला म्हणाला, “चलो भैया, गजक खाएँ.”

मी घरी जायला धजत नव्हतो. तोच मला ओढत घेऊन आला. आबा अंगणातल्या खुर्चीवर बसले होते. आईनं गेंदालालला आत बोलावलं, पण आबा म्हणाले, “त्याला इथंच राहू दे.” मग मला विचारलं, “तुझी ओळ काय होती?”

मी म्हटलं, “विसरलो, आबा.”

“विसरला नाहीस तू. मी तुझं तोंड पाहून राहिलो होतो. विसरलेल्या माणसाचं तोंड तसं नसतं. म्हण.”

गेंदालाल भिंतीला टेकून उभा होता. मी जमिनीकडं बघत म्हटलं :

‘पलटण गेली, पट्टा उरला, पट्ट्यात नाही कंबर,
मिशी अजून परेडवर, पेन्शनीत नंबर.
बायको म्हणते, जाऊन आणा कोथिंबीर दोन पैशांची,
टाच जुळवून ‘जी साहेब’ म्हणे स्वारी मोठ्या मिशांची.’

आई दारात आली होती, ती पदर तोंडाला लावून आत निघून गेली. रस्त्यावरून एक तांगा गेला, त्याचे घुंगूर पार वळणापर्यंत ऐकू आले. मग आबांनी कमरेचा पट्टा सोडला, मांडीवर ठेवला, आणि म्हणाले, “कोथिंबिरीचं खरं आहे. मला ठाऊक आहे ते.” मग म्हणाले, “तू लिहिलंस तेही खरं, आणि हा म्हणाला तेही खरं. मग दोन्ही का म्हणत नाही तुम्ही? एकानं टोचायचं, दुसऱ्यानं हात धरायचा. पलटणीत जखमी माणसाला असंच टोचून जागं ठेवतात आणि हात धरून उचलतात.”

गेंदालालला सगळं कळलं की नाही मला माहीत नाही. त्यानं पुढं होऊन आबांच्या पायाला हात लावला. आबांनी त्याला विचारलं, “चंग किसका था?”

“काका का, हवलदार साहब.”

“हूं,” आबा म्हणाले, आणि आईला ताटं वाढायला सांगितली.

त्यानंतर तीन-चार दिवस आबा सकाळी कुठंतरी जात होते. मग एका सकाळी ते नई सडकवर भट्टीपुढं येऊन उभे राहिले, खांद्यावर पलटणीच्या बँडचा ड्रम, पितळी कड्याचा, दोन काठ्यांसकट. बँड मोडला तेव्हा तो त्यांच्या एका बँडवाल्या दोस्तानं घरी नेऊन ठेवला होता आणि त्यावर त्याची बायको पापड वाळवायची. गेंदालालनं ड्रम पोत्यावर ठेवला, बोटांनी कातडं चाचपलं, मग काठ्या बाजूला ठेवून तळव्यानं वाजवून पाहिला. आबा म्हणाले, “ऐसे नहीं,” आणि भर बाजारात, दोन्ही बाजूंना गिऱ्हाइकं थांबलेली असताना, त्याला काठी धरायला शिकवू लागले.

आमची खरी कारकीर्द त्या ड्रमपासून सुरू झाली. कूच करणाऱ्या पलटणीचा कडक ठेका, त्यात गेंदालालच्या चाळणीचे लांब-आखूड झटके, असा आवाज ग्वाल्हेरात कुणी ऐकला नव्हता. आणि आबांनी सांगितलं तसं आम्ही करू लागलो. मी टोचायचो, तो हात धरायचा. वकिलांवर, वैद्यांवर, उपवरांच्या बापांवर, नव्या पुढाऱ्यांवर, गिरणीच्या भोंग्यावर आम्ही बोल केले, पण लोक शेवटी मागायचे ते ‘पलटण’च. कोथिंबिरीवर सगळे खळखळून हसायचे आणि ‘पाठ’ आला की शांत व्हायचे. गेंदालालनं ती चूक कधी सुधारली नाही. मी सांगून पाहिलं होतं, पाठ स्त्रीलिंगी आहे. तो म्हणाला, “काकी से पूछा था हमने. उनने कही, पाठ याने सबक भी होता है. तो सबक ही समझ लो.” दतियावाल्यांशी पुढं तीनदा गाठ पडली, तिन्ही वेळा आम्ही जिंकलो, आणि तिसऱ्या वेळी त्यांचा थोरला आपणहून काकाचा चंग घेऊन आला. गेंदालालनं तो घेतला नाही. म्हणाला, तुमच्याकडं तो जास्त चांगला वाजतो. हे औदार्य नव्हतं, ते खरंच तसं होतं, आणि गेंदालाल वाद्याबद्दल कधी खोटं बोलत नसे.

मग पुन्हा सगळं हललं. राज्यांची नवी मांडणी झाली, मध्यभारत मोठ्या मध्यप्रदेशात गेला आणि राजधानी भोपाळला. या वेळी गठ्ठे परत यायचे नव्हते. मी तोवर कचेरीत कारकून लागलो होतो, लग्न ठरलं होतं, आणि माझंही नाव भोपाळच्या यादीत निघालं. आबांनी यादी पाहिली आणि म्हणाले, “हुकूम आहे. जा.” मी गेंदालालला सांगायचं टाळत राहिलो. रोज भट्टीशी जायचो, बसायचो, नव्या बोलांचं बोलायचो, आणि उठून यायचो. असे तीन आठवडे गेले.

थाटीपूरच्या सरकारी वसाहतीत तेव्हा निरोपाचे कार्यक्रम चालले होते. अर्ध्या घरांतलं सामान बाहेर येऊन पडलेलं, बायका वळकट्यांवर बसलेल्या, कुठं तुळशीची कुंडी पोत्यात बांधायची खटपट. तिथल्या लोकांनी आम्हाला एका दुपारी बोलावलं. मी सदरा बदलून पोचलो तर गेंदालाल आधीच ड्रम गळ्यात घालून उभा, आणि त्याच्या शेजारी दिघे मास्तर. हे गोरखीकडचे प्राथमिक शाळेतले शिक्षक, तिशीचे, चष्मा, काळी टोपी. भट्टीवर मुरमुरे घ्यायला यायचे एवढीच माझी त्यांची ओळख. मला वाटलं, भेटायला आले असतील.

गेंदालाल माझ्याजवळ आला. “भैया,” तो म्हणाला, “आज आप नीचे बैठो.”

“म्हणजे?”

“मास्टर साब तीन हफ्ते से तैयारी कर रये हैं हमारे साथ. सुबह, स्कूल से पहले. आपके सब बोल लिख लए हैं. आज सुन लो, कहीं कच्चा हो तो बता के जाना.”

“तुला कुणी सांगितलं मी जातोय म्हणून?”

“पूरा लश्कर जा रओ है, भैया. आप कैसे रुकते.” मग त्यानं माझा दंड धरला. “जोड़ी बंद नईं होनी चाहिए. आदमी तो बदली पे जाते ही हैं.”

माझ्या मनात काय आलं ते लपवत नाही. मला आधी वाटलं, इतक्या लवकर? मग कळलं की मी तीन आठवडे तोंड लपवत होतो आणि हा तेवढे दिवस माझी वाट मोकळी करत होता, मला अपराधी वाटू नये म्हणून, आणि बोल मरू नयेत म्हणूनही. दोन्ही एकाच वेळी. मी खाली जाऊन एका ट्रंकेवर बसलो, एका अनोळखी कुटुंबाच्या मधोमध. दिघे मास्तरांनी टोपी सारखी केली आणि सुरुवात केली. त्यांची मराठी माझ्याहून स्वच्छ होती, जरा जास्तच स्वच्छ. दुसऱ्या ओळीला ते अडखळले, तिसरीला सावरले. पुढं मी त्यांच्याकडं पाहिलंच नाही.

आठ वर्षं मी गेंदालालच्या उजव्या हाताला उभा राहिलो होतो. मला त्याचा खांदा ठाऊक होता, काठी धरलेली बोटं, श्वास कुठं घेतो ते. बोलताना त्याचा चेहरा मी कधी पाहिला नव्हता. शेजारी उभ्या असलेल्याला तो दिसत नाही. त्या दुपारी समोर बसून पहिल्यांदा पाहिलं. मास्तर बोलत असताना तो त्यांच्याकडं वळून ऐकत होता, भाजलेल्या भुवया वर चढलेल्या, ओठ त्यांच्या प्रत्येक शब्दाबरोबर किंचित हलणारे, चेहऱ्यावर असा आनंद की जणू ही ओळ जगात आत्ताच जन्माला येतेय आणि ती ऐकायला मिळाली हे त्याचं केवढं भाग्य. माझ्या शेजारी बसलेल्या बाईंनी मांडीवरच्या मुलीला विचारलं, “कोण आवडला गं तुला?” मुलीनं बोट गेंदालालकडं केलं. बाई म्हणाल्या, “अगं, पण आत्ता तो कुठं बोलून राहिलाय?”